साक्ष, संहिता आणि चित्रचौकट : ‘कोर्ट’ या चित्रपटाच्या निमित्ताने

१

वास्तव आणि कल्पित यांच्या परस्परसंबंधाची चर्चा मराठी समीक्षेत प्रामुख्याने कादंबरी आणि आत्मकथन या दोन वाङ्मयप्रकारांच्या संदर्भात झालेली आहे. चित्रपटाच्या संदर्भात हा प्रश्न क्वचितच गांभीर्याने उपस्थित केला गेला. अनुबोधपट म्हणजे वास्तव आणि कथापट म्हणजे कल्पित, अशी सोयीची वाटणी गृहीत धरूनच आपण बोलत आलो. ही वाटणी किती तकलादू आहे, हे दाखवून देणाऱ्या कलाकृतींमध्ये चैतन्य ताम्हाणे यांच्या ‘कोर्ट’ (२०१४) या चित्रपटाचा समावेश करावा लागेल. २०१४च्या व्हेनिस महोत्सवात ‘ओरिझोन्ती’ विभागातील सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा आणि पदार्पणाच्या चित्रपटासाठीचा असे दोन पुरस्कार त्याला मिळाले. पुढे ६२व्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत तो सर्वोत्कृष्ट कथापट ठरला आणि १७ एप्रिल २०१५ रोजी भारतात प्रदर्शित झाला. या सन्मानांमुळे त्याच्याविषयी बरेच लिहिले गेले. त्यातील बहुतेक लेखनाचा सूर चित्रपटाच्या ‘अस्सलपणा’ची वाखाणणी करण्याचा होता.

हा ‘अस्सलपणा’ नेमका कोणत्या गोष्टीला म्हणायचे, तो कसा घडवला जातो आणि तो घडवताना कोणाचे श्रेय कोणाच्या खात्यावर जमा होते, या प्रश्नांचा विचार प्रस्तुत लेखात करावयाचा आहे. त्यासाठी ‘साक्ष’ ही संकल्पना मध्यवर्ती मानली आहे. साक्ष ही न्यायालयात नोंदवली जाते, आत्मकथनात लिहिली जाते आणि कॅमेऱ्यासमोर दिली जाते. तिन्ही ठिकाणी तिला आकार देणारी एक रचनाव्यवस्था असते, आणि ती रचना कोण करतो यावर साक्षीचे सामर्थ्य अवलंबून असते.

२

भारतीय चित्रपटाच्या आरंभकाळाकडे पाहिले, तर नोंद आणि रचना या दोन प्रेरणा एकमेकींपासून अलग झालेल्या दिसत नाहीत. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा यांनी १८९९ मध्ये मुंबईत कुस्तीचे चित्रण केले. इंग्लंडहून परतलेल्या रँग्लर परांजपे यांच्या स्वागताचे चित्रणही त्यांनीच केले. ही नोंद होती, हे खरे. परंतु चित्रणासाठी ठरवून लावलेली कुस्ती ही केवळ घडलेली कुस्ती राहत नाही. दादासाहेब फाळके यांनी ‘राजा हरिश्चंद्र’ (१९१३) हा कथापट निर्माण करण्यापूर्वी रोपाच्या वाढीचे टप्प्याटप्प्याने चित्रण करून पाहिले होते. पुढे १९१७ मध्ये चित्रपट कसा तयार होतो हे दाखवणारा एक लघुपट त्यांनी काढला. त्यात दिग्दर्शक फाळके यांची भूमिका स्वतः फाळके यांनीच वठवली आहे. जगण्यातली आपलीच भूमिका कॅमेऱ्यासाठी पुन्हा करून दाखवणारा माणूस अशा रीतीने आपल्या चित्रपटाच्या पहिल्याच दशकात उपस्थित आहे. बाबूराव पेंटर यांच्या ‘सावकारी पाश’ने (१९२५) कर्जबाजारी शेतकऱ्याच्या दैन्याला पडद्यावर स्थान दिले आणि कथापटाला सामाजिक दस्तऐवजाचे मोल मिळवून दिले.

वाटणी झाली ती नंतर. १९४८ मध्ये स्थापन झालेल्या फिल्म्स डिव्हिजनने अनुबोधपटाला शासनाच्या निवेदकाचा आवाज दिला. मुख्य खेळापूर्वी दाखवल्या जाणाऱ्या त्या पटांतून धरणे, कारखाने आणि साथीचे रोग यांची माहिती मिळत असे. पण ज्याच्याविषयी सांगितले जाते तो माणूस बहुधा अबोलच असे. या आवाजाला छेद देणारी स्वतंत्र निर्मिती महाराष्ट्रात दोन दिशांनी झाली. एक दिशा आनंद पटवर्धन यांची. ‘बॉम्बे : हमारा शहर’ (१९८५) या त्यांच्या पटात झोपडपट्टीतील माणसे स्वतः बोलतात. दुसरी दिशा सुमित्रा भावे यांची. समाजकार्याच्या अध्यापनातून आणि स्त्रियांविषयीच्या संशोधनातून त्या चित्रपटाकडे वळल्या. संशोधनाचे अहवाल ज्या स्त्रियांविषयी लिहिले जातात त्यांच्यापर्यंत ते पोहोचत नाहीत, या जाणिवेतून ‘बाई’ (१९८५) हा त्यांचा पहिला लघुपट निर्माण झाला. संशोधनाची सामग्री तेथे कथेच्या रूपात परत आली. पटवर्धन दस्तऐवजाला आवाज मिळवून देतात, तर भावे दस्तऐवजाला कथा मिळवून देतात. ‘कोर्ट’ या दोन दिशांच्या संगमावर उभा आहे.

३

चित्रपटाचे कथासूत्र थोडक्यात असे. नारायण कांबळे हे वयोवृद्ध लोकशाहीर मुंबईतील एका वस्तीत कार्यक्रम करीत असताना त्यांना अटक होते. वासुदेव पवार नावाच्या गटारकामगाराचा मृतदेह मॅनहोलमध्ये सापडलेला असतो. शाहिराच्या गाण्याने प्रवृत्त होऊन त्याने आत्महत्या केली, असा पोलिसांचा दावा असतो. भारतीय दंडविधानाच्या ३०६व्या कलमाखालील, म्हणजे आत्महत्येस प्रवृत्त करण्याच्या, या आरोपाची सुनावणी सत्र न्यायालयात चालते. बचाव पक्षाचे वकील विनय व्होरा, सरकारी वकील नूतन आणि न्यायाधीश सदावर्ते यांच्या न्यायालयातील कामकाजाबरोबरच त्यांच्या घरगुती आयुष्याचेही चित्रण येते. तारखांमागून तारखा पडत जातात.

या कल्पित कथेत वास्तवाचे तीन स्तर मिसळलेले आहेत. पहिला स्तर घटनांचा. शाहीर आणि सांस्कृतिक कार्यकर्ते यांच्यावर खटले भरले जाणे ही त्या काळातील महाराष्ट्राची अनुभवाची गोष्ट होती. पुण्याच्या कबीर कला मंचाच्या काही कलावंतांना २०११ पासून अटका झाल्या. शीतल साठे आणि सचिन माळी हे एप्रिल २०१३ मध्ये स्वतःहून पोलिसांच्या स्वाधीन झाले. दुसरा स्तर माणसांचा. नारायण कांबळे यांची भूमिका करणारे वीरा साथीदार हे व्यावसायिक नट नव्हते. ते नागपूरचे आंबेडकरी चळवळीतील कार्यकर्ते आणि ‘विद्रोही’ या नियतकालिकाचे संपादक होते. एप्रिल २०२१ मध्ये करोनाच्या साथीत त्यांचे निधन झाले. चित्रपटातील शाहिरी गीतांमागे संभाजी भगत यांचा दीर्घ अनुभव आहे. तिसरा स्तर सर्वांत नाजूक आहे. मृत कामगाराची विधवा शर्मिला पवार ही भूमिका उषा बाणे यांनी केली आहे, आणि त्यांचे पतीही प्रत्यक्षात गटारकामगार होते, तेही हयात नव्हते. म्हणजे कल्पित खटल्यातील कल्पित मृत्यूविषयी जी साक्ष दिली जाते, तिच्या मागे एक खराखुरा मृत्यू उभा आहे.

व्यावसायिक नट नसलेल्या माणसांना घेऊन कथापट करण्याची परंपरा जागतिक चित्रपटाला नवी नाही. व्हिस्कोन्ती यांनी ‘ला तेर्रा त्रेमा’मध्ये (१९४८) व्हेर्गाच्या कादंबरीतील कोळ्यांच्या भूमिका आची त्रेझ्झा या गावच्या कोळ्यांनाच दिल्या. तुर्की दिग्दर्शक नूरी बिल्गे जेलान यांनी ‘कसबा’ (१९९७) आणि ‘मायिस सिकिंतिसी’ (१९९९) या चित्रपटांत स्वतःच्या आईवडिलांना उभे केले. दुसऱ्या चित्रपटात तर आईवडिलांना घेऊन चित्रपट करू पाहणारा दिग्दर्शक हेच कथानक आहे. इराणच्या अब्बास कियारोस्तामी यांनी ‘क्लोजअप’मध्ये (१९९०) एका तोतया दिग्दर्शकाच्या खटल्याचे प्रत्यक्ष न्यायालयात चित्रण केले आणि त्या प्रकरणातील माणसांकडूनच आधीच्या घटना पुन्हा करवून घेतल्या. या सर्व उदाहरणांत एक साम्य आहे. माणूस स्वतःचेच जगणे ‘करून दाखवतो’ तेव्हा तो नट असतो की साक्षीदार, याचा निवाडा प्रेक्षकाला करता येत नाही.

‘कोर्ट’चे वेगळेपण असे की, कियारोस्तामी यांना जी सवलत मिळाली ती येथे उपलब्ध नव्हती. भारतातील सत्र न्यायालयाचे दार चित्रपटाच्या कॅमेऱ्याला सर्वसाधारणपणे बंदच असते. सर्वोच्च न्यायालयाने कामकाजाच्या थेट प्रक्षेपणाला तत्त्वतः मान्यता दिली ती २०१८ मध्ये, आणि घटनापीठापुढील सुनावण्यांचे प्रक्षेपण सुरू झाले ते सप्टेंबर २०२२ मध्ये. सामान्य माणसाचा ज्याच्याशी संबंध येतो ते तालुक्याचे किंवा जिल्ह्याचे न्यायालय त्यात नाही. त्यामुळे ताम्हाणे यांना न्यायालय निरीक्षणातून गोळा करून पुन्हा उभे करावे लागले. आवाज न पोहोचणारा कक्ष, फायलींचे गठ्ठे, टंकलेखकाची लय, पुढच्या प्रकरणाचा पुकारा, ही सगळी सामग्री दस्तऐवजी आहे आणि तिची मांडणी कल्पित आहे. अनुबोधपटाला जेथे प्रवेश नाही, तेथे त्याचे काम कथापटाने केले आहे.

या चित्रपटात कॅमेऱ्याला बंद असलेली दुसरी जागा म्हणजे गटार. ते आत शिरून कधीच दाखवले जात नाही. न्यायालय बारीकसारीक तपशिलांनिशी डोळ्यांसमोर उभे राहते, तर गटार केवळ एका स्त्रीच्या बोलण्यातून कानांवर येते. एका बंद जागेसाठी रचना आणि दुसरीसाठी साक्ष, अशी ही विभागणी आहे. चित्रपटाच्या रूपाचा विचार करताना ती मूलभूत मानावी लागते.

४

शर्मिला पवारच्या साक्षीचा प्रसंग या दृष्टीने बारकाईने पाहण्यासारखा आहे. ती साक्षीदाराच्या जागी उभी आहे. वकील विचारतात तेवढेच ती बोलते. नवरा दारू प्यायचा, कारण त्याशिवाय घाण सहन होत नसे. गटारातल्या वायूने त्याचा एक डोळा गेला होता. आत उतरण्यापूर्वी तो खडा टाकून पाहायचा, झुरळे हलली तर आत जगण्यापुरती हवा आहे असे समजायचे. सुरक्षेचे कोणतेही साधन त्याच्यापाशी नसे. आत्महत्येविषयी तो कधी काही बोलला नव्हता. या तपशिलांमधून आत्महत्येचा आरोप आपोआप कोसळतो. पण साक्ष देणारीचा आवाज कोठेही चढत नाही. मृणाल देसाई यांचा स्थिर कॅमेराही तिच्याजवळ जाऊन तिच्या चेहऱ्यावर दुःख शोधत नाही.

याच वेळी दुसरी एक क्रिया चाललेली असते, आणि तिच्याकडे समीक्षेचे पुरेसे लक्ष गेलेले नाही. साक्षीदार बोलतो आणि न्यायाधीश त्याचे म्हणणे कायद्याच्या भाषेत बसवून टंकलेखकाला सांगत जातात. ही दिग्दर्शकाची कल्पना नव्हे. १९७३च्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या २७६व्या कलमानुसार सत्र न्यायालयातील साक्ष न्यायाधीशाने लिहावयाची किंवा खुल्या न्यायालयात सांगून लिहून घ्यावयाची असे, आणि ती सर्वसामान्यतः प्रश्नोत्तरांच्या रूपात न ठेवता निवेदनाच्या रूपात नोंदवावयाची असे. १ जुलै २०२४ पासून त्या संहितेची जागा भारतीय नागरिक सुरक्षा संहितेने घेतली आहे. ‘कोर्ट’च्या काळातील नोंदीचा हा विधी मात्र वाङ्मयाच्या अभ्यासकाने मुद्दाम ध्यानात घ्यावा असा आहे. कायदा येथे एका निवेदनतंत्राची आज्ञा देतो. वकिलाचे प्रश्न गळतात आणि साक्षीदाराची तुटक उत्तरे एका सलग ‘मी’मध्ये सांधली जातात. बोलणारी व्यक्ती एक, ‘मी’ म्हणणारा निवेदक तिच्या नावाचा, आणि वाक्ये रचणारा तिसराच. अशा रीतीने जबानी हे प्रथमपुरुषी निवेदनाचे एक विलक्षण रूप ठरते. तिचा निवेदक आणि तिचा लेखक यांच्यामध्ये सत्तेचे संपूर्ण अंतर असते.

या अंतराच्या उलट बाजूला पोलिसांचा साक्षीदार आहे. कांबळे यांचे गाणे आपण ऐकले, असे सांगणारा हा माणूस पोलिसांच्या इतर खटल्यांतही साक्ष देत आलेला आहे, हे उलटतपासणीत उघड होते. त्याची जबानी कायद्याच्या साच्यात सहज बसते, कारण ती त्या साच्यासाठीच घडवलेली आहे. ठरवून दिलेली खोटी साक्ष सफाईदार असते आणि खरी साक्ष अडखळती असते, असा विरोध चित्रपट मांडतो. मात्र एवढ्यावर थांबले तर आपण पुन्हा ‘अस्सल’ आणि ‘रचलेले’ या जुन्याच द्वंद्वात अडकतो. चित्रपटाचे म्हणणे याहून पुढचे आहे. रचना दोन्हीकडे आहे. न्यायालयाच्या कागदावर मात्र एकाच प्रकारच्या रचनेला ‘नोंद’ म्हटले जाते.

नोंदीचा हा प्रश्न चित्रपटाच्या चौकटीबाहेरही तितकाच खरा आहे. चित्रपट आकार घेत होता त्याच काळात, ४ एप्रिल २०१३ रोजी, ठाणे आणि कल्याण यांच्या दरम्यान शीळफाट्याजवळ बांधकाम चालू असलेली एक बहुमजली इमारत कोसळली आणि ७४ माणसे मृत्युमुखी पडली. अपुऱ्या इमारतीतच मजुरांची कुटुंबे राहत होती, मुलेही होती. त्या माणसांविषयी सार्वजनिक स्मृतीत राहिला तो एक आकडा. घर बांधणारा माणूस त्याच घराखाली कसा सापडला, तो तेथे काय समजुतीने राहत होता, धोक्याची चाहूल कशावरून घेत होता, हे सांगणारी भाषा पंचनाम्यात नसते. खडा आणि झुरळे यांच्या तपशिलाचे मोल याच ठिकाणी कळते. तो तपशील म्हणजे एका माणसाने मृत्यूच्या दारात उभे राहून मिळवलेले ज्ञान आहे. कागदावर ज्याची जागा नाही असे हे ज्ञान कल्पिताने जपले.

५

न्यायालय आणि रंगभूमी यांचे नाते मराठी वाचकाला नवे नाही. ताराबाई शिंदे यांच्या ‘स्त्रीपुरुषतुलना’ (१८८२) या निबंधाच्या मुळाशी सुरतेच्या एका विधवेवरील खटला होता. न्यायालयाने ज्या स्त्रीला केवळ आरोपी म्हणून पाहिले, तिच्या बाजूने एक अख्खा ग्रंथ उभा राहिला. विजय तेंडुलकर यांच्या ‘शांतता! कोर्ट चालू आहे’ (१९६७) या नाटकाची तुलना तर येथे अपरिहार्य आहे. तेथे न्यायालय खोटे आहे. प्रयोगापूर्वीचा वेळ घालवण्यासाठी मांडलेला तो खेळ आहे. पण त्या खेळात बेणारेचे खरे आयुष्य ओढून आणले जाते आणि लुटुपुटीच्या खटल्यातून खरी शिक्षा बाहेर पडते. तिचे प्रदीर्घ स्वगत न्यायालयातील कोणालाही ऐकू जात नाही. साक्ष उच्चारली जाते, पण नोंदवली जात नाही.

‘कोर्ट’मध्ये हाच व्यूह उलटा झालेला दिसतो. तेंडुलकरांच्या नाटकात कल्पित पात्रे खेळता खेळता वास्तवात जाऊन पोहोचतात. ताम्हाणे यांच्या चित्रपटात वास्तवातील एक स्त्री कल्पित न्यायालयात येऊन उभी राहते. तेंडुलकरांच्या येथे नाट्याचा सारा भर स्फोटावर आहे, तर येथे स्फोट टाळण्यावर आहे. बेणारेचे कोणी ऐकत नाही. शर्मिलाचे सर्वजण रीतसर ऐकून घेतात, नोंदवतात आणि पुढची तारीख देतात. क्रौर्याची जागा आता कार्यपद्धतीने घेतलेली आहे. सुमारे अर्धशतकाच्या अंतराने लिहिल्या गेलेल्या या दोन संहिता एकत्र वाचल्या, तर समाजाने साक्ष न ऐकण्याच्या पद्धतीत केलेली प्रगती ध्यानात येते.

दुसरी तुलना आनंद पटवर्धन यांच्या ‘जयभीम कॉम्रेड’ (२०११) या माहितीपटाशी करावी लागेल. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात पोलीस गोळीबारात १० माणसे मारली गेली. त्यानंतर काही दिवसांतच शाहीर विलास घोगरे यांनी आत्महत्या केली. ‘बॉम्बे : हमारा शहर’मध्ये ज्यांचा आवाज होता तेच हे घोगरे. त्यांच्या मृत्यूपासून सुरू झालेले चित्रण १४ वर्षे चालले. त्यातून आंबेडकरी जलशाची आणि शाहिरीची परंपरा, न्यायाची दीर्घ प्रतीक्षा आणि कबीर कला मंचापर्यंतचा प्रवास उलगडत गेला. माहितीपटात शाहिराची आत्महत्या खरी आहे आणि तिचे कारण राज्यसंस्थेच्या गोळीबारात आहे. कथापटात कामगाराची ‘आत्महत्या’ पोलिसांनी रचलेली आहे आणि तिचे कारण शाहिराच्या गाण्यात शोधले जाते. पहिला पट कार्य आणि कारण यांचा खरा क्रम जपतो. दुसरा तो क्रम कसा उलटवला जातो हे दाखवतो. माहितीपटाला खोट्याची रचना आतून दाखवता येत नाही, त्यासाठी कल्पिताची गरज पडते. म्हणून हे दोन्ही पट एकमेकांना पूरक मानणे योग्य ठरेल. एकाला खरा आणि दुसऱ्याला कल्पित म्हणून श्रेणी लावणे अप्रस्तुत आहे.

६

आता ‘अस्सलपणा’च्या प्रश्नाकडे वळता येईल. दलित आत्मकथनांच्या वाचनाचा आपल्याकडचा इतिहास येथे उपयोगी पडतो. दया पवार यांचे ‘बलुतं’ १९७८ मध्ये आणि लक्ष्मण माने यांचे ‘उपरा’ १९८० मध्ये प्रसिद्ध झाले. तेव्हा त्यांचे स्वागत मोठ्या प्रमाणावर सामाजिक दस्तऐवज म्हणून झाले. अनुभव अपूर्व आहे, भाषा रांगडी आहे, सत्य उघडेवाघडे आहे, अशा विशेषणांची रास पडली. पण ‘बलुतं’च्या आरंभी दगडू मारुती पवार हा दया पवार यांना आपली कहाणी सांगतो आहे, अशी जी योजना आहे तिच्याकडे तुलनेने कमी पाहिले गेले. एकच माणूस दोन नावांनी विभागला जातो. एक सांगणारा, एक ऐकून लिहिणारा. शिकलेल्या, नोकरीत स्थिरावलेल्या ‘मी’ने वस्तीतल्या ‘मी’ची साक्ष नोंदवण्यातील अवघडलेपण या योजनेतून व्यक्त होते. ते आत्मकथन निव्वळ दस्तऐवज म्हणून वाचणे म्हणजे त्याच्या लेखकाला साक्षीदाराच्या जागेवरून हलू न देणे होय. अनुभव तुमचा, रचना मात्र वाङ्मयाची, अशी ही छुपी वाटणी आहे.

उषा बाणे यांच्याविषयी झालेले बरेचसे बोलणे याच वळणाचे आहे. त्या ‘खऱ्या’ विधवा आहेत, हे सांगितले की त्यांच्या कामाविषयी बोलण्याची गरज उरत नाही. त्यांचे जगणे दिग्दर्शकाच्या वास्तववादाला मिळालेले प्रशस्तिपत्र ठरते. वस्तुतः पतीच्या मृत्यूविषयी कॅमेऱ्यासमोर, कल्पित नावाने, आवाज न चढवता बोलणे आणि ते पुन्हा पुन्हा करणे यात निवड आहे, संयम आहे, उच्चाराचे भान आहे. हे अभिनयाचेच गुण आहेत. ज्या तोलाने गीतांजली कुलकर्णी सरकारी वकिलाचा रुक्ष वाचनस्वर सांभाळतात, तोच तोल या साक्षीतही आहे. एकीला अभिनेत्री म्हणायचे आणि दुसरीला पुरावा म्हणायचे, हे समीक्षेने न्यायालयाचीच रीत गिरवण्यासारखे आहे.

या बाबतीत मराठी रंगभूमीने एक वेगळा पायंडा पाडलेला आहे. गो. पु. देशपांडे यांचे ‘सत्यशोधक’ हे महात्मा फुले यांच्यावरील नाटक अतुल पेठे यांनी २०१२ मध्ये पुणे महानगरपालिकेच्या सफाई कामगारांना घेऊन रंगभूमीवर आणले. तेथे कामगारांनी स्वतःचे दुःख करून दाखवले नाही. त्यांनी जोतीराव आणि सावित्रीबाई यांचा विचार बोलून दाखवला. श्रमिकाला स्वतःच्या वेदनेपुरतेच रंगमंचावर येण्याची मुभा आहे, या समजुतीला त्यामुळे तडा गेला. दया पवारांना निवेदनाच्या रचनेचा जो हक्क समीक्षेने उशिरा दिला, तो या कामगारांनी प्रत्यक्ष प्रयोगातून घेतला.

‘कोर्ट’ला आपल्या या मर्यादेची जाणीव आहे, असे मानण्यास जागा आहे. न्यायालयातून परतताना व्होरा शर्मिलाला आपल्या मोटारीतून सोडतात आणि पैसे देऊ करतात. ती पैसे घेत नाही, काही काम असेल तर सांगा म्हणते. या छोट्या प्रसंगात सहानुभूतीचा सारा व्यवहार उघडा पडतो. वकिलाजवळ तिला देण्यासारखे पैसे आहेत, काम नाही. चित्रपटाच्याही बाबतीत हा प्रश्न शिल्लक राहतो. डी सिका यांच्या ‘बायसिकल थीव्ह्ज’मध्ये (१९४८) बेकार कामगाराची भूमिका करणारे लाम्बेर्तो माज्जोरानी हे प्रत्यक्षात कारखान्यात कामगार होते, आणि चित्रपटानंतर त्यांची कारखान्यातील नोकरी गेली. जगभर वाखाणल्या गेलेल्या वास्तववादाचा हा हिशेब कोणत्याही श्रेयनामावलीत येत नाही. साक्ष घेणाऱ्या कलेवर साक्षीदाराचे ऋण असते, आणि ते कलात्मक यशाने फिटत नाही. ‘कोर्ट’ने हे ऋण फेडले असा दावा कोणी करू नये. ते चित्रपटाच्या चौकटीत दिसू दिले, एवढे श्रेय त्याला निःसंकोच द्यावे.

७

चित्रपटाच्या शेवटाकडे कांबळे यांना पुन्हा अटक होते. उन्हाळ्याची सुटी लागते आणि न्यायालयाचे दिवे मालवतात. त्यानंतर आपण न्यायाधीशांना सहलीला गेलेले पाहतो. खटला संपत नाही, प्रेक्षकाला निकाल मिळत नाही. कथापटाच्या रूढ संकेतानुसार हा अपुरेपणा आहे. नोंदीच्या दृष्टीने मात्र तो तंतोतंत आहे, कारण अशा बहुसंख्य प्रकरणांचे तेच होते. रोलाँ बार्थ यांनी कथात्म साहित्यातील निरर्थक भासणारे तपशील वास्तवाचा परिणाम साधतात, असे दाखवले होते. येथे तपशील परिणामापुरते राहत नाहीत. वेळ जाणे हीच शिक्षा आहे, हा अर्थ ते प्रेक्षकाच्या अंगावर उतरवतात.

बाहेरच्या जगात कायदा पुढे सरकला आहे. हाताने मैला वाहण्याच्या प्रथेवर बंदी घालणारा नवा कायदा २०१३ मध्ये झाला. २७ मार्च २०१४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने १९९३ पासून गटारात मरण पावलेल्या कामगारांच्या कुटुंबांना प्रत्येकी १० लाख रुपये भरपाई देण्याचा आदेश दिला. ऑक्टोबर २०२३ मध्ये ही रक्कम ३० लाख रुपये करण्यात आली. हे निर्णय महत्त्वाचे आहेतच. मात्र भरपाई मिळण्यासाठी मृत्यू ‘गटारातील मृत्यू’ म्हणून नोंदला जावा लागतो. वासुदेव पवारच्या कल्पित खटल्यात नेमके तेच होत नाही. त्याचा मृत्यू आत्महत्या म्हणून नोंदला जातो, आणि दोष गाण्याच्या माथी जातो. एका शब्दाच्या निवडीने हक्काचा दावेदार गायब होऊ शकतो. वाङ्मयाच्या अभ्यासकाला शब्दाच्या निवडीचे सामर्थ्य वेगळे सांगण्याची गरज नाही. ते न्यायालयाच्या टंकलिखित कागदावरही तपासण्याची सवय मात्र त्याने लावून घेतली पाहिजे.

दस्तऐवज आणि कल्पित यांची सरमिसळ हा ‘कोर्ट’पुरता शैलीचा प्रयोग म्हणून पाहिला, तर त्याचे निम्मे महत्त्व नाहीसे होते. सावेदादांच्या कुस्तीपासून ‘बलुतं’च्या दगडूपर्यंत आणि बेणारेच्या स्वगतापासून शर्मिलाच्या जबानीपर्यंत आपल्या संस्कृतीत एक प्रश्न सतत विचारला गेला आहे : सांगणारा कोण आणि लिहून घेणारा कोण? या दोघांमधील अंतर जेथे दिसू दिले जाते, तेथे कल्पितही विश्वसनीय होते. जेथे ते लपवले जाते, तेथे शिक्कामोर्तब झालेला दस्तऐवजही संशयास्पद ठरतो. समीक्षेनेही स्वतःला हा प्रश्न विचारावयास हवा, कारण कलाकृतीची जबानी लिहून घेण्याचे काम तीही करीत असते.